सत्तेचाळीस नंबरचं वजन

१

ऑरिन फॉल्क चौतीस वर्षं रुळांवरची विजेची गाडी चालवत होता. मॅरिस्टनहून दुपारी एक चाळीसला निघायचं, मक्याच्या शेतांमधून आणि ओढ्यावरच्या पुलावरून एकोणीस थांबे घेत ओल्ड फोर्ड गाठायचं, तिथे उभ्याउभ्या कॉफी प्यायची, टपावरचा दांडा फिरवून तारेला उलटा लावायचा आणि आल्या वाटेने परतायचं. पूर्वी जोडीला कंडक्टर असे. तीन वर्षांपूर्वी कंपनीने त्याला घरी पाठवलं. तेव्हापासून गाडी ऑरिनच चालवी, तिकिटं तोच फाडी, थंडी पडली की मागच्या शेगडीत कोळसाही तोच टाकी. थांबे म्हणायला एकोणीस राहिले होते. माणूस चढायचं ते तीन-चार ठिकाणी, तेही नशीब असेल तर.

त्या मंगळवारी गाडीत एकच उतारू होती. मिसेस ट्रॉयर. मेनोनाइट या साध्या राहणीच्या पंथातली म्हातारी, काळी टोपी, काळे बूट. दर मंगळवारी आणि शुक्रवारी सकाळी मुलाच्या ट्रकमधून अंडी घेऊन ती बाजाराला यायची, आणि मुलगा कारखान्यात गेला की दुपारी रिकामी टोपली घेऊन ऑरिनच्या गाडीने परतायची. चौदाव्या थांब्याला उतरायची. डावीकडचं तिसरं बाक तिचं. गेली वीस वर्षं तेच.

गाडी मॅरिस्टनच्या शेवटच्या घरांपलीकडे गेली तेव्हा ऑरिनने वरच्या आरशात पाहिलं. मिसेस ट्रॉयर उभी होती. एका हातात टोपली, दुसरा हात छताच्या कातडी पट्ट्यात. गाडीच्या झोल्याबरोबर झुलत होती. पंचाहत्तरी ओलांडलेली बाई.

"मिसेस ट्रॉयर, बसा की! वळण आहे पुढे."

"राहू दे," ती म्हणाली.

"अहो, पडाल. कंबर बिंबर मोडली तर मुलगा मला धरेल तुमचा."

"बसू कुठे?" ती म्हणाली. तिच्या आवाजात तक्रार नव्हती. "जागा कुठे आहे, ऑरिन?"

ऑरिनने मान वळवून मागे पाहिलं. बावन्न माणसांची गाडी. हिरव्या गाद्यांची बाकं, गाद्यांवर खिडक्यांचे चौकोनी उन्हाचे तुकडे. चिटपाखरू नव्हतं.

वळण आलं म्हणून त्याला पुढे पाहावं लागलं.

२

"वय झालं तिचं," बर्निस म्हणाली. बर्निस त्याची बायको. ताटात बटाटे वाढता वाढता तिने निकाल लावून टाकला. "माझ्या आईला शेवटी शेवटी स्वयंपाकघरात गाय दिसायची. आम्ही म्हणायचो, बरं, बांधून ठेवतो."

ऑरिन हसला. त्यालाही ते पटलं होतं. तसं पटण्यासारखंच होतं.

पण शुक्रवारी मिसेस ट्रॉयर परत उभीच राहिली. चौदावा थांबा आला तशी ती दाराकडे निघाली, आणि निघाली ती अंग चोरून, टोपली छातीशी धरून, आडवी आडवी. मोकळ्या वाटेतून. दोनदा थांबली. एकदा तर "माफ करा हं," असंही पुटपुटली.

ऑरिनला तिचं नवल करायला वेळ मिळाला नाही, कारण त्याच वेळी त्याच्या हाताखाली ब्रेक चुकला.

चुकला म्हणजे लागला, पण गाडी थांबली नाही. चौदाव्या थांब्याचा पांढरा खांब समोर आला, आला, खिडकीशेजारून गेला आणि गाडी पुढे अर्ध्या गाडीभर अंतरावर जाऊन कशीबशी उभी राहिली. चौतीस वर्षांत ऑरिनच्या दाराची पायरी खांबासमोरून हातभरसुद्धा हलली नव्हती. जुने लोक पैजा लावायचे त्यावर.

गाडी रिकामी असली की ब्रेक नुसता दाखवायचा असतो. भरलेली असली की आधीपासून धरायचा. हे शिकवावं लागत नाही, तळहाताला कळतं. आणि ऑरिनच्या तळहाताला त्या क्षणी जे कळलं होतं ते त्याला ओळखीचं होतं. एकोणीसशे चारच्या उन्हाळ्यातले रविवार. लाइन नवी, गाड्यांचा रंग अजून बोटाला लागायचा. सातव्या थांब्याजवळच्या तळ्यावर बागेत बँड वाजायचा, आणि दोन परगण्यांतली माणसं धुतलेले कपडे घालून त्या बागेला लोटायची. आत माणूस, पायऱ्यांवर माणूस. तेव्हा ब्रेक असा जड यायचा.

मिसेस ट्रॉयर उतरली, खांबापर्यंत चालत मागे गेली आणि तिथून आपल्या शेताच्या वाटेला लागली. ऑरिन गाडीत बसून राहिला. मागे वळून पाहायचं त्याच्या जिवावर आलं. मग त्याने पाहिलं. काही नव्हतं. उन्हाचे तुकडे होते.

"ब्रेकचे ठोकळे झिजलेत," तो मोठ्याने म्हणाला.

३

"ठोकळे नवे आहेत," गस वेन्झल म्हणाला. "मीच घातले ऑगस्टात. तुझे हात झिजलेत, म्हाताऱ्या."

गस कार्यशाळेचा मिस्त्री. पूर्वी त्याच्या हाताखाली अकरा माणसं होती, आता दोन. भिंतीवर नोटीस लावलेली होती. ऑरिनने ती येताना वाचली नव्हती, कारण मजकूर सगळ्या गावाला तोंडपाठ होता. पंधरा नोव्हेंबरला शेवटची गाडी. सोळापासून कंपनीची बस, डांबरी रस्त्याने. जुन्या गाड्या जाळायच्या. बस चालवायला सव्वीस वर्षांचा एक माणूस ठेवला होता. ऑरिनला कोणी विचारलं नव्हतं, आणि विचारलं असतं तर तो काय म्हणाला असता हे त्यालाही माहीत नव्हतं.

गस खड्ड्यात उतरला. बराच वेळ गाडीच्या पोटाखालून दिव्याचा उजेड हलत राहिला. मग तो थांबला.

"ऑरिन, आत कोण आहे रे?"

"कोणी नाही."

"वाळूची पोती बिती ठेवलीस?"

"कशाला ठेवू?"

गस वर आला. चिंध्यांना हात पुसत गाडीकडे पाहत राहिला. "स्प्रिंगा बसल्यात. चारही. भरल्या गाडीला बसाव्यात तशा." मग त्याने खांदे उडवले. "जुनं लोखंड. तीस वर्षं वजन वाहिलं की लोखंडही हात टेकतं. महिनाभर काढायचाय. काढ."

"बदल ना."

"जाळायच्या गाडीला नव्या स्प्रिंगा?"

पण गसने बदलल्या. दुसऱ्या एका गाडीच्या काढून घातल्या. नोटीस लागल्यापासून तो नको ती कामंही जीव लावून करायचा. जॅक काढला तशी गाडी हळूच खाली आली, आणि नव्या स्प्रिंगांवर होती तेवढीच परत बसली. गसने बोटांनी फट मोजली. परत मोजली. दिवा विझवला आणि डबा खायला गेला.

४

ऑरिनने ब्रेक आधीपासून धरायला सुरुवात केली. दुसरं काय करणार? पाच खांब आधी, मग सहा. गाडी सुटतानाही आता कण्हायची. पुलाच्या चढावर तर ती इतकी मंदावायची, की शेजारच्या डांबरी रस्त्यावरचे ट्रक भोंगे वाजवत पुढे जायचे.

तो हिशोबी माणूस होता. कारणं शोधत होता. तारेतली वीज कमी पडत असेल. रूळ ओले असतील. आपलं वय. यातलं प्रत्येक कारण एखाद्या दिवशी खरंही वाटे. मग सातवा थांबा येई. बाग मोडून बारा वर्षं झाली होती, तळ्यात बेशरमासारखं गवत माजलं होतं, आणि तिकिटघराचं नुसतं जोतं उरलं होतं. तिथे तो थांबत नसे. थांबायला कोणी नसेच. पण तिथून पुढे गेलं की हातातलं हँडल आणखी जड लागे. आठव्याला आणखी. नवव्याला, जिथे दूध भरायचा चौथरा होता, तिथे आणखी थोडं. मागून कधी आवाज आला नाही. नुसतं वजन यायचं.

ऑक्टोबर सरता सरता थंडी पडली. एका मंगळवारी त्याला खिडक्या दिसल्या. सगळ्या आतून वाफेने धुरकटल्या होत्या, रविवारच्या प्रार्थनेला चर्च भरल्यावर धुरकटतात तशा. गाडीत दोनच माणसं श्वास घेत होती.

चौदाव्याला त्याने गाडी उभी केली, पण दार उघडलं नाही. उठून मिसेस ट्रॉयरजवळ गेला. पहिल्या बाकापर्यंतच. त्यापुढे त्याचं पाऊल पडेना.

"मिसेस ट्रॉयर, खरं सांगा. काय दिसतं तुम्हाला?"

म्हातारीने त्याच्याकडे पाहिलं. तिचे डोळे स्वच्छ होते. स्वयंपाकघरात गाय दिसणाऱ्या माणसाचे डोळे नव्हते ते.

"मी वर बघत नाही," ती म्हणाली. "गाडीत लोकांकडे टक लावून बघू नये, असं आईने शिकवलंय."

"मग?"

"पाय दिसतात. बूट."

"कसले बूट?"

ती विचारात पडली. बूट आठवत होती, की शब्द शोधत होती, कोण जाणे. "दमलेले," ती शेवटी म्हणाली. "सगळे फार दमलेत, ऑरिन. म्हणून तर मी कोणाला उठा म्हणत नाही. माझं काय, पाच-सहा मैलांचं तर काम."

"कोण आहेत ते?"

"तूच आणलेस की त्यांना," ती म्हणाली. "चौतीस वर्षं. मला काय माहीत?"

त्याने दार उघडलं.

५

शेवटच्या दिवशी गर्दी होईल असं सगळे म्हणत होते. वर्तमानपत्रात तसं आलं होतं. पण सकाळपासून झिमझिम पाऊस लागला आणि एक चाळीसच्या गाडीला मिसेस ट्रॉयर धरून पाच माणसं आली. चौघं अनोळखी होती. आठवण म्हणून एकदा बसून घ्यावं म्हणून आलेली. एक लठ्ठ औषधविक्या, त्याची बहीण, आणि एक नवराबायको, ज्यांनी लग्नानंतरचा पहिला प्रवास या लाइनवर केला होता.

ती चौघंही पुढे ऑरिनच्या पाठीशी येऊन उभी राहिली. पट्टे धरले आणि गप्पा मारू लागली.

"आमच्या वेळी इथे तिकीट मिळायचं नाही," औषधविक्या म्हणाला.

"आम्ही ओल्ड फोर्डपर्यंत उभ्याने गेलो होतो," ती बायको म्हणाली. "पाय नुसते मोडून आले होते."

"आणि मी तुला उचलून घेऊ का म्हटलं, तर सगळी गाडी हसली!" नवरा म्हणाला, आणि चौघंही हसली.

"बसा ना," ऑरिन म्हणाला. "मागे सगळं मोकळं आहे."

"हो हो, बसतो," औषधविक्या म्हणाला. बाकी तिघांनीही माना हलवल्या. पण एकानेही मागे पाहिलं नाही आणि एकही बसला नाही. तासाभराचा रस्ता ती चौघं एकमेकांना खेटून, गर्दीत उभं राहतात तशी उभी होती. बोलता बोलता औषधविक्याने दोनदा आपला कोट आवरून घेतला, कोणाला तरी वाट द्यावी तसा.

चौदाव्याला मिसेस ट्रॉयर उतरली. पायरीवर थांबून तिने ऑरिनचा हात हातात घेतला. वीस वर्षांत पहिल्यांदाच.

"यांना कुठे सोडणार तू?" तिने हळू विचारलं.

"कंपनी सांगेल तिथे."

"कंपनीला माहीत आहे?"

"नाही."

"मग तुलाच बघावं लागेल, बाबा," ती म्हणाली आणि छत्री उघडून पावसात चालू लागली.

६

दुसऱ्या दिवशी दुपारी ऑरिनने सत्तेचाळीस नंबरची गाडी कार्यशाळेमागच्या शेतात नेली. तिथे रूळ संपत. आदल्या आठवड्यात जाळलेल्या गाड्यांचे चार काळे चट्टे गवतावर होते. लाकूड जाळायचं, लोखंड उरतं ते भंगारवाल्याला द्यायचं. हे काम गसकडे आलं होतं. ज्याने रंगवल्या, त्यानेच जाळायच्या. रॉकेलचे डबे घेऊन तो आणि त्याची दोन माणसं उभी होती.

"उतर," गस म्हणाला. "एखादा पट्टा बिट्टा हवा असेल तर घे काढून."

"एक मिनिट," ऑरिन म्हणाला.

तो हँडल सोडून उठला आणि मधल्या वाटेने मागे निघाला. खिडक्या सगळ्या पांढऱ्या धुरकट. ओल्या लोकरीचा, कोळशाच्या धुराचा आणि केसांच्या तेलाचा वास. अर्ध्या वाटेत आल्यावर त्याच्या लक्षात आलं, की आपण आडवे चाललो आहोत. खांदा पुढे, पोट आत. आणि तोंडाने म्हणतो आहोत, "जरा जाऊ द्या. माफ करा हं. जरा."

तो तिथेच थांबला. कोणाकडेही पाहिलं नाही. त्यालाही आई होती.

"शेवटचा थांबा," तो म्हणाला. चौतीस वर्षं म्हणायचा त्याच सुरात. "सगळे उतरा. शेवटचा थांबा."

काही हललं नाही. ही शांतता रिकाम्या गाडीची नव्हती. दमलेली माणसं ऐकू आलं तरी ऐकलं नाही असं करतात, कारण उठायचं म्हटलं की परत पायांवर उभं राहायचं आलं. ऑरिनला ती शांतता ठाऊक होती. त्या क्षणी त्याच्या स्वतःच्या पायांतही ती होती.

"पुढे गाडी नाही," तो म्हणाला. "आता कुठलीच गाडी नाही. इथे जाळणार आहेत ही. बाहेर रॉकेल घेऊन उभे आहेत. ऐकताय ना?"

डावीकडच्या एका खिडकीवर, बसलेल्या माणसाच्या डोळ्यांच्या उंचीला, धुरकट काचेवर एक गोल हळूहळू पुसला गेला. आतून. सावकाश, बाहीने पुसावा तसा. त्या गोलातून शेत दिसलं, काळे चट्टे दिसले, आणि डबा घेऊन उभा असलेला गस.

ऑरिनचे डोळे भरून आले. भीतीने आले असते तर त्याला कळलं असतं. पण तो इतका थकला होता, की भीतीला त्याच्यात जागा उरली नव्हती. कालपासून तो कोणाचाच नोकर नव्हता. त्याला फक्त घरी जायचं होतं.

"कोणाला जायला ठिकाण नसेल," तो म्हणाला, "तर चला माझ्याबरोबर. घर लहान आहे. पण चला."

तोंडातून गेलेला शब्द गेला. तो वळला, आडवा आडवा पुढे आला, उतरला आणि दार उघडं ठेवून गसशेजारी जाऊन उभा राहिला.

गसने रॉकेल टपावर फेकलं, मग काडी. पावसाने लाकूड ओलं होतं, तरी आग धरली. ज्वाळा अजून टपाच्या कडेलाच होत्या, खाली गाडीला काही लागलं नव्हतं, आणि तेवढ्यात सत्तेचाळीस नंबर हलली. उघड्या दाराच्या बाजूला आधी थोडी झुकली. मग वर आली. थांबली. आणखी वर आली. मिनिटभर ती अशी चढत होती, बोट बोट, थबकत थबकत, आणि शेवटी आपल्या स्प्रिंगांवर इतकी उंच उभी राहिली, जशी ती कारखान्यातून आली त्या दिवशी असेल.

"तापल्या स्प्रिंगा," गस म्हणाला.

"आग वर आहे, गस."

आणि मग एक गोष्ट झाली, जिच्याबद्दल ते दोघं पुढे कधीच बोलले नाहीत. गस एक पाऊल बाजूला सरकला. त्याची दोन माणसं सरकली, एक इकडे, एक तिकडे. कोणी कोणाकडे पाहिलं नाही. सगळ्यांचे डोळे आगीवर होते आणि पाय आपोआप मागे मागे जात होते. पाच-सात मिनिटांत ती तिघं शेताच्या पार कडेला, काटेरी तारेला टेकून उभी होती, आणि मधल्या मोकळ्या गवतात ऑरिन एकटा होता, कोपर अंगाशी धरून.

७

घर दोन मैलांवर होतं. तो रुळांच्या कडेने चालत निघाला. संध्याकाळ व्हायला अवकाश होता. मागून पावलं वाजत नव्हती, खडी सरकत नव्हती, आणि त्याने मान वळवायची नाही असं ठरवलं होतं. फक्त कापलेल्या मक्याच्या खुंटांमधून कावळे उडत होते. त्याच्या चाहुलीने उडाले ते ठीक. पण तो पुढे जाऊन बराच वेळ झाला, तरी मागे, खूप मागेपर्यंत, ते उडतच होते.

दोनदा तो दम खायला थांबला. दोन्ही वेळा कावळेही शांत झाले.

तो फाटकाशी आला तेव्हा बर्निसने खिडकीतून त्याला पाहिलं आणि दार उघडलं.

"अगं बाई, केवढा धूर लागलाय तुला," ती म्हणाली. "झालं एकदाचं?"

"झालं."

"ये. सूप आहे गरम."

तो आत आला. बूट काढायला ओट्याजवळच्या खुर्चीवर टेकला. थंड वारा सरळ पाठीवर येत होता.

"दार लाव, बर्निस."

"अं?" ती म्हणाली. "हो. लावते."

पण ती दार धरून उभीच होती. लहानशा त्या दाराआड तिने स्वतःला भिंतीला चिकटवून घेतलं होतं आणि एका हाताने एप्रन पोटाशी आवरून धरला होता. मान खाली. पायपुसण्याकडे पाहत होती. कितीतरी वेळ. मधे एकदा तिने मान किंचित लववली, म्हातारं माणूस समोरून गेलं तर लववावी तशी. ऑरिनच्या हातातला बूट हातातच राहिला. घड्याळाची टिकटिक ऐकू येत होती आणि चुलीवर सूप रटरटत होतं.

मग तिने दार लावलं. कडी घातली. हळूहळू चुलीपाशी आली, झाकण काढून भांड्यात पाहिलं.

"ऑरिन," ती अगदी हळू, बैठकीच्या खोलीत ऐकू जाऊ नये इतकं हळू म्हणाली, "हे पुरायचं नाही रे."